लायसनची मुदत संपली असेल तर: आधी तारीख बघा, मग गाडीला किक मारा

कापसाच्या सीझनमध्ये एक काका माझ्या सेवा केंद्रात सातबारा काढायला आले होते. ओळखपत्र मागितलं तर त्यांनी शर्टाच्या खिशातून लायसन काढून दिलं. मी सवयीने तारीख वाचली आणि म्हटलं, "काका, हे तर पोळ्यालाच संपलं." ते म्हणाले, "संपलं म्हणजे? मी त आत्ता गाडीवरच आलो न बाई!" बाहेर त्यांची मोटारसायकल उभी होती, मागे सरकीच्या ढेपेचं पोतं बांधलेलं. घर अठरा किलोमीटर लांब. त्या दिवशी त्यांच्या मुलाला फोन करून बोलावलं आणि गाडी त्याने नेली.

असे लोक मला दर आठवड्याला भेटतात. त्यांच्यात निष्काळजी माणूस क्वचितच असतो. विम्याचा हप्ता ते वेळेवर भरतात, हेल्मेटही घालतात. लायसन मात्र एकदा काढलं की जन्माचं झालं, असं आपल्याकडे अनेकांना वाटतं. पहिल्यांदाच लायसन रिन्यू करणाऱ्यांसाठी हे लिहिते आहे. आरटीओच्या फलकावर आणि सरकारी कागदावर लायसनला 'अनुज्ञप्ती' म्हणतात आणि रिन्यू करण्याला 'नूतनीकरण'. हे दोन शब्द ध्यानात असले की खिडकीवर गोंधळ होत नाही.

तारीख नेमकी कोणती बघायची

लायसनच्या कार्डावर बऱ्याच तारखा असतात. जन्मतारीख, कार्ड दिल्याची तारीख, गाडीच्या प्रत्येक प्रकारापुढे तो प्रकार कधी मिळाला ती तारीख. यातली एकही आपल्या कामाची नाही. 'व्हॅलिड टिल' किंवा 'व्हॅलिडिटी' असं लिहिलेलं शोधा. त्यापुढे 'एनटी' आणि 'टीआर' ही अक्षरं असतात. एनटी म्हणजे घरची गाडी, म्हणजे मोटारसायकल, कार वगैरे. टीआर म्हणजे धंद्याची गाडी, म्हणजे ऑटो, काळीपिवळी, ट्रक. ज्यांच्याकडे दोन्ही आहेत त्यांच्या कार्डावर तारखाही दोन असतात, आणि टीआरची तारीख बहुधा आधी येते. ऑटोवाले भाऊ एनटीची तारीख बघून निश्चिंत राहतात, असं मी अनेकदा पाहिलं आहे.

कार्ड वर्षानुवर्षं पाकिटात राहून घासलं जातं, घामाने अक्षरं उडतात. वाचता येत नसेल तर अंदाजाने तारीख ठरवू नका. एमपरिवहन किंवा डिजीलॉकर या सरकारी ॲपमध्ये लायसन नंबर आणि जन्मतारीख टाकली की मुदत दिसते.

आता वीस वर्षांची गोष्ट, कारण सध्या सगळ्यात जास्त माणसं तिच्यातच सापडतात. २०१९ मध्ये मोटार वाहन कायदा बदलला. त्याआधी घरच्या गाडीचं लायसन वीस वर्षांचं किंवा वयाच्या पन्नाशीपर्यंतचं मिळायचं, यातलं जे आधी येईल ते. म्हणजे २००६ साली कॉलेजात असताना ज्याने लायसन काढलं, त्याचं २०२६ मध्ये संपतं. आणि १९७६ साली जन्मलेल्या माणसाने २०१० मध्ये काढलं असेल, तर वीस वर्षं व्हायची असली तरी पन्नासाव्या वाढदिवसाला, म्हणजे २०२६ मध्येच, त्याचंही संपतं. हा दुसरा प्रकार फार फसवा आहे. माणूस "मी तर २०१० ला काढलं, २०३० पर्यंत चालते" असा हिशोब मनात धरून बसलेला असतो.

नव्या नियमाचा हिशोब वेगळा आहे. लायसन काढताना किंवा रिन्यू करताना वय तिशीच्या आत असेल तर ते चाळिशीपर्यंत चालतं. तीस ते पन्नासमध्ये असाल तर दहा वर्षं. पन्नास ते पंचावन्नमध्ये असाल तर साठीपर्यंत. पंचावन्ननंतर दर खेपेला पाच वर्षं. धंद्याच्या गाडीचं लायसन पाच वर्षांचं असतं, आणि पेट्रोल किंवा गॅस टँकरसारखा धोकादायक माल नेणाऱ्यांचं तीन वर्षांचं.

मुदत संपल्याच्या दुसऱ्या दिवसापासून

पूर्वी मुदत संपल्यावर तीस दिवसांची सवलत होती. त्या तीस दिवसांत लायसन चालू धरलं जायचं. २०१९ च्या दुरुस्तीत ती सवलत काढून टाकली. तरीही गावोगाव लोक अजून "एक महिना चालते" असं एकमेकांना सांगतात. ते आता खरं नाही. मुदत आज रात्री संपली तर उद्या सकाळी दूध घालायला गाडी काढणारा माणूस कायद्याच्या नजरेत लायसन नसलेलाच आहे.

कायद्याचं कलम ३ सांगतं की चालू लायसनशिवाय सार्वजनिक जागी गाडी चालवायची नाही. ते मोडलं तर कलम १८१ लागतं: पाच हजार रुपये दंड, किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही. रस्त्यावर धरलं तर बहुतेक वेळा दंडावर काम होतं, पण कलम २०७ प्रमाणे पोलीस गाडी ताब्यात घेऊ शकतात. पेरणीच्या किंवा वेचणीच्या दिवसांत गाडी ठाण्यात उभी राहणं म्हणजे काय, हे मी सांगायला नको. लायसन घरी विसरलं असेल तर गोष्ट निराळी आहे. डिजीलॉकर किंवा एमपरिवहनमधलं लायसन कायद्याने ग्राह्य आहे, ते दाखवा. मेळघाटात किंवा भामरागडकडे रेंज नसते, म्हणून घरी वायफाय किंवा नेटवर्क असतानाच ते ॲपमध्ये उतरवून ठेवा. मुदत संपलेली असेल तर मात्र ॲपसुद्धा तेच दाखवणार.

दंडाची रक्कम मोठी आहे, पण मला खरी काळजी तिची नाही. आपल्या आडरस्त्यावर वर्ष वर्ष कोणी लायसन तपासत नाही, आणि त्यामुळेच माणूस गाफील राहतो. खरा फटका अपघाताच्या दिवशी बसतो.

माझा मोठा भाऊ रात्री तालुक्याहून गावी येत होता. धुऱ्यावरून रोही, म्हणजे नीलगाय, एकदम रस्त्यात आली. भाऊ वाचला, हाताचं हाड मोडलं, गाडीचा पुढचा भाग पूर्ण गेला. सहा वर्षांत त्याने विम्याचा एकही हप्ता चुकवला नव्हता. गाडीच्या नुकसानीचा क्लेम टाकला तर दोन आठवड्यांनी पत्र आलं: अपघाताच्या दिवशी चालकाकडे वैध लायसन नव्हतं, सबब दावा नामंजूर. लायसन संपून सत्तेचाळीस दिवस झाले होते. दुरुस्तीचे एकतीस हजार घरातून गेले. लोकांची लायसनं मी रोज बघते, घरातल्या माणसाचं मात्र बघितलं नव्हतं. तेव्हापासून माझ्या केंद्रात जो येईल त्याचं लायसन मी उलटून बघते, कामासाठी दिलं असो वा नसो.

भावाचं नुकसान एकतीस हजारांवर थांबलं, हेही नशीबच. गाडीच्या विम्यासोबत मालक-चालकाचा पंधरा लाखांचा वैयक्तिक अपघात विमा असतो. मृत्यू आला किंवा कायमचं अपंगत्व आलं तर तो घराला आधार देतो. पण गाडी चालवताना मालकाकडे वैध लायसन असावं, ही त्याची अट आहे. घरातला कर्ता गेला आणि लायसन संपलेलं निघालं, तर बायको-पोरांच्या हक्काच्या पंधरा लाखांवर पाणी पडू शकतं. दोनशे रुपयांच्या फीपुढे ही रक्कम ठेवून बघा.

आपल्या गाडीने दुसऱ्याला धडक बसली तर? जखमी माणसाला किंवा त्याच्या घरच्यांना भरपाई मिळावी म्हणून न्यायालय विमा कंपनीला आधी पैसे भरायला सांगू शकतं. पण मग ती रक्कम गाडीच्या मालकाकडून वसूल करायची मुभा कंपनीला मिळते. सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली स्वर्ण सिंग खटल्यात या गोष्टीची चौकट घालून दिली. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणातली भरपाई लाखांत असते. ती वसुली मालकाच्या मिळकतीपर्यंत, म्हणजे शेत-घरापर्यंत पोचू शकते.

गाडी मागायला कोणी आलं तर

गावात गाडी मागणं आणि देणं नेहमीचंच. नाही म्हणणं जड जातं. पण कलम १८० प्रमाणे लायसन नसलेल्या माणसाच्या हाती गाडी देणाऱ्या मालकालाही पाच हजार दंड किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. मुदत संपलेलं लायसन इथेही लायसन नसल्यासारखंच. ट्रॅक्टरवर ड्रायव्हर ठेवता तेव्हा सालदाराशी बोलणी करतानाच त्याचं लायसन बघा आणि मोबाईलवर त्याचा फोटो काढून ठेवा. यात अपमान कसला? "भाऊ, विम्यासाठी लागते" असं सांगितलं की कोणी रागावत नाही.

ट्रॅक्टरबद्दल अजून एक. कायद्याने ट्रॅक्टर हलक्या मोटार वाहनात, म्हणजे एलएमव्हीत मोडतो. नुसतं मोटारसायकलचं लायसन असलेल्या पोराने ट्रॅक्टर चालवला तर तो विनालायसनच. उलट एलएमव्ही लायसनवर साडेसात हजार किलोच्या मर्यादेतली मालवाहू गाडी, म्हणजे आपल्याकडचा छोटा हत्ती, चालवता येते. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये यावर शिक्कामोर्तब केलं.

आणि अठरा वर्षांखालच्या लेकराच्या हाती गाडी देऊच नका. तिथे कलम १९९-अ लागतं. पालकाला किंवा मालकाला पंचवीस हजार दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद, गाडीची नोंदणी बारा महिने रद्द, आणि त्या मुलाला पंचविशीपर्यंत लायसन नाही. दहावीच्या शाळेत पोराला गाडीने पाठवणाऱ्या आईबापांना मी हे कलम मोठ्याने वाचून दाखवते.

रिन्यू कधी करायचं

मुदत संपायच्या एक वर्ष आधीपासून अर्ज करता येतो. हे फार थोड्यांना माहीत आहे. शेवटच्या महिन्याची वाट बघायचं काहीच कारण नाही. आपल्या भागात उन्हाळ्याचे मधले दिवस बरे, म्हणजे लग्नसराई ओसरलेली आणि खरिपाची धावपळ सुरू व्हायची असते.

मुदत संपल्यावर एक वर्षाच्या आत अर्ज केला तर लायसन रिन्यू होतं, गाडी चालवण्याची परीक्षा द्यावी लागत नाही. मात्र ते रिन्यू झाल्याच्या तारखेपासून चालू होतं, मागच्या तारखेपासून नाही. मधली पोकळी तशीच राहते. त्या काळात अपघात झाला असेल तर नंतर काढलेलं लायसन तो दिवस भरून काढत नाही. वर्ष उलटलं की परीक्षा. त्याबद्दल पुढे सांगते.

आणखी एक सोय: लायसन ज्या जिल्ह्याचं, तिथेच जायला हवं असं नाही. कोणत्याही लायसन प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे कुठल्याही आरटीओत अर्ज चालतो. एमएच २९ चं, म्हणजे यवतमाळचं लायसन असलेला मुलगा पुण्याला कामाला असेल तर तिथेच रिन्यू करू शकतो. सुट्टी काढून गावी यायची गरज नाही.

कागद गोळा करणं

मूळ लायसन. आधार कार्ड. पत्ता बदलला असेल तर नव्या पत्त्याचा पुरावा. पासपोर्ट आकाराचा फोटो आणि पांढऱ्या कागदावर काळ्या पेनाने केलेली सही. फोटो आणि सहीची फाईल वीस केबीच्या आत लागते. मोबाईलवर काढलेला फोटो कितीतरी मोठा असतो, तो लहान करूनच चढवा, नाहीतर साइट तो घेतच नाही.

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे आधारला जोडलेला मोबाईल नंबर चालू हवा. ओटीपी त्याच नंबरवर येतो. अर्धी कामं इथेच अडतात: नंबर बंद पडलेला, किंवा पुण्याला असलेल्या पोराचा नंबर जोडलेला. आधारला नवा नंबर जोडायचं काम पोस्टाच्या पेमेंट्स बँकेमार्फत पोस्टमन गावात येऊनही करून देतो. गावच्या पोस्टात विचारा.

घरच्या गाडीसाठी वय चाळीसच्या आत असेल तर फॉर्म १, म्हणजे तब्येतीबद्दलचं स्वतःचं निवेदन पुरतं. चाळीसच्या वर असाल किंवा धंद्याच्या गाडीचं लायसन असेल तर फॉर्म १-ए, म्हणजे डॉक्टरचा दाखला लागतो. तो एमबीबीएस डॉक्टरकडून घ्या, आणि आधी विचारा की ते सारथीवर ऑनलाइन दाखला चढवतात का. अर्ज भरून झाला की अर्ज क्रमांक घेऊन त्यांच्याकडे जायचं असतं.

या दाखल्याला लोक नुसता शिक्का समजतात. तसं समजू नका. पंचवीस मीटरवरून दिवसाच्या उजेडात गाडीची नंबर प्लेट वाचता येते का, रंग ओळखता येतात का, नीट ऐकू येतं का, रातांधळेपणा आहे का, हे त्यात विचारलेलं असतं. पंचवीस मीटर म्हणजे साधारण तीस-पस्तीस पावलं. घरासमोर बैलगाडीच्या चाकोरीत तेवढी पावलं मोजा आणि शेजाऱ्याच्या गाडीची नंबर प्लेट वाचून बघा. माझ्या वडिलांना ती वाचता आली नाही तेव्हाच मोतीबिंदू कळला. आधी ऑपरेशन, मग चष्मा, मग लायसन, असा क्रम झाला. ते चार महिने त्यांनी गाडी काढली नाही. त्यांना राग आला होता, पण तो निर्णय योग्यच होता.

सारथीवर अर्ज

सरकारी संकेतस्थळ परिवहन डॉट गव्ह डॉट इन. त्यावर लायसनच्या कामांचा जो भाग आहे त्याला सारथी म्हणतात. पत्त्याच्या शेवटी 'गव्ह डॉट इन' नसेल तर ती साइट बंद करा. नाव आणि रंग सारखे ठेवून पैसे उकळणाऱ्या खोट्या साइट आहेत. आणि व्हॉट्सॲपवर "तुमचं चलान कापलं आहे" म्हणत एखादी एपीके, म्हणजे मोबाईलमध्ये ॲप बसवणारी फाईल आली तर तिला बोट लावू नका. तिच्यातून बँक खातं रिकामं होतं. चलान खरंच आहे का ते महाट्रॅफिक ई-चलानच्या सरकारी साइटवर गाडीचा नंबर टाकून बघा.

सारथीवर गेल्यावर राज्य विचारतात, महाराष्ट्र निवडा. मग 'अप्लाय फॉर डीएल रिन्यूअल'. लायसन नंबर, जन्मतारीख आणि चित्रातली अक्षरं टाकून 'गेट डीएल डिटेल्स' दाबा. तुमचं नाव, फोटो, गाडीचे प्रकार समोर येतात. इथे घाई करू नका. वडिलांच्या नावात चूक, जन्मतारखेत चूक, गाडीचा एखादा प्रकारच गायब, असं इथेच दिसतं. आत्ता दुरुस्त केलं नाही तर नव्या कार्डावर तेच छापून येतं. पत्ता बदलायचा असेल तर रिन्यूअलसोबत तोही पर्याय निवडता येतो.

माहिती दिसलीच नाही तर तुमची नोंद जुन्या काळची आहे. पुस्तकासारखं जुनं लायसन असणाऱ्यांचं असं होतं, कारण त्यांची नोंद कॉम्प्युटरवर चढलेलीच नसते. तेव्हा मूळ पुस्तक घेऊन ज्या आरटीओने ते दिलं तिथे जावं लागतं. त्या पुस्तकाचं प्रत्येक पान आधी झेरॉक्स करून ठेवा. ते हरवलं तर नंबर शोधणं फार अवघड होतं.

पुढे कागद, फोटो, सही चढवायची आणि फी भरायची. रिन्यूअलचे दोनशे रुपये, स्मार्ट कार्डचे दोनशे रुपये, वर टपालाचा खर्च. उशीर झाला असेल तर दोनशेऐवजी तीनशे, आणि उशिराच्या दर वर्षासाठी, वर्षाच्या तुकड्यासाठीसुद्धा, हजार रुपये जादा. आकडा साइट स्वतःच काढते, तो स्क्रीनवर बघूनच पैसे भरा. फी ऑनलाइनच जाते आणि पावती लगेच निघते. केंद्रचालकाने फॉर्म भरण्याचे वेगळे पैसे घेणं साहजिक आहे, पण सरकारी पावती मागून घ्या. "दोन हजारात सगळं करून देतो, तुम्ही यायचीही गरज नाही" म्हणणाऱ्याच्या हातात मूळ लायसन देऊ नका.

पैसे भरताना रेंज गेली तर घाबरून लगेच दुसऱ्यांदा भरू नका. अर्ज क्रमांक टाकून पैसे पोचले का ते आधी तपासा.

आरटीओत जावं लागतं का

आधारची ओळख ओटीपीने पटली आणि परीक्षेची गरज नसली, तर आरटीओत न जाता काम व्हावं अशी सोय सरकारने केली आहे. सारथीवर आधारचा पर्याय दिसला तर तोच घ्या. नाहीतर साइट भेटीची तारीख, म्हणजे स्लॉट घ्यायला सांगते. मग त्या दिवशी मूळ लायसन, आधार, पावती आणि अर्जाची प्रिंट घेऊन जायचं.

अंतराचा विचार आधीच करा. सिरोंच्याहून गडचिरोली दोनशे किलोमीटरच्या वर आहे, धारणीहून अमरावती दीडशेच्या आसपास. तालुक्याच्या गावी आरटीओची शिबिरं लागतात. तुमच्या तालुक्याचं शिबिर महिन्यात कोणत्या दिवशी असतं आणि त्यात रिन्यूअल घेतात का, हे जिल्ह्याच्या आरटीओत किंवा एखाद्या मोटार ड्रायव्हिंग स्कूलमध्ये विचारा. त्याप्रमाणे स्लॉट घेतला तर एक दिवस आणि एसटीचं भाडं वाचतं.

आणि हो, मुदत संपली असेल तर आरटीओतही गाडी चालवत जाऊ नका. एसटीने जा, किंवा ज्याचं लायसन चालू आहे त्याच्या मागे बसून जा.

वर्ष उलटून गेलं असेल तर

इथे गाडी चालवण्याची परीक्षा पुन्हा द्यावी लागते. बऱ्याच जणांना याची लाज वाटते. पंचेचाळीस वर्षांचा माणूस, निम्मं आयुष्य गाडीवर गेलेलं, त्याने विशीतल्या पोरांच्या रांगेत उभं राहायचं! पण मी पाहिलं आहे, जुने हात या परीक्षेत सहसा नापास होत नाहीत. झाले तर कौशल्य कमी पडतं म्हणून होत नाहीत, सवयी नडतात. मोटारसायकलला आठाच्या आकड्यात गाडी फिरवायची असते, पाय टेकायचा नाही. गावात वळताना आपण हात दाखवत नाही, इंडिकेटर देत नाही, आरशात बघत नाही. तिथे नेमकं तेच बघतात. चारचाकीला रिव्हर्स घेणं आणि चढावर थांबून पुन्हा निघणं. शाळेच्या मैदानात चुन्याने आठ आखून दोन दिवस सराव केला तरी पुरे.

परीक्षेला नेलेल्या गाडीचा विमा आणि पीयूसी चालू हवी, हेल्मेट हवं. तिथवर गाडी दुसऱ्या कोणीतरी चालवत आणायची, हे विसरू नका.

खूप वर्षं झाली म्हणून "आता नवीनच काढतो" असं ठरवून जुनं लायसन लपवून अर्ज करणारेही भेटतात. तसं करू नका. जुनी नोंद सापडते आणि मग काम आणखी अडतं. जुना नंबर सरळ सांगा.

कार्ड येईपर्यंत आणि आल्यावर

फी भरल्याची पावती म्हणजे लायसन नव्हे. मुदत संपल्यावर अर्ज केला असेल तर मंजुरी येईपर्यंत गाडी चालवायची नाही. सारथीवर अर्ज क्रमांक टाकून स्थिती बघत राहा. मंजूर झालं की डिजीलॉकर आणि एमपरिवहनमध्ये नवी तारीख दिसायला लागते. ती दिसली की प्लास्टिकचं कार्ड यायची वाट बघायची गरज नाही.

कार्ड स्पीड पोस्टाने घरी येतं. आपल्याकडे एकाच नावाच्या दोन-तीन वस्त्या असतात: बुद्रुक, खुर्द, पोड, टोला. पत्त्यात गाव, पोस्ट, तालुका आणि पिनकोड चारही नीट लिहा, घराची खूण लिहा, आणि चालू मोबाईल नंबर द्या. पोस्टमनला पत्ता सापडला नाही तर कार्ड परत जातं आणि मग पुन्हा आरटीओची खेप पडते. पोस्टमनला आधीच सांगून ठेवलेलं बरं. दिवसभर सगळे वावरात असतात, दाराला कुलूप असतं.

पाकीट फोडलं की पोस्टमन दारात असतानाच कार्ड बघून घ्या. नाव, जन्मतारीख, गाडीचे सगळे प्रकार आले का, आणि एनटी व टीआरच्या तारखा. त्या ढेपवाल्या काकांचं कार्ड आलं तेव्हा मोटारसायकल छापलेली होती, ट्रॅक्टरचा एलएमव्ही प्रकारच नव्हता. त्यांनी त्याच आठवड्यात जुनं लायसन आणि पावती घेऊन आरटीओ गाठलं, तेव्हा कुठे दुरुस्ती झाली. तोवर जिनिंगवर कापूस त्यांच्या पुतण्याने नेला.